कॅमेरा खाली ठेवणारा बाप

हसन फाजिली या अफगाण दिग्दर्शकाचा 'मिडनाइट ट्रॅव्हलर' हा माहितीपट २०१९ साली आला. मी तो बऱ्याच उशिरा पाहिला, आणि पाहिल्यापासून ओळखीच्या लोकांना 'एकदा बघा' म्हणून सांगते आहे. बहुतेकांचं उत्तर एकच असतं: 'पुन्हा अफगाणिस्तान? पुन्हा मुसलमानांचे हाल? पुरे झालं आता.' हा कंटाळा मला समजतो. टीव्हीवर आपण दिसतो ते दंगलीत, रांगेत, नाहीतर मय्यतीत. भांडणारं, हसणारं, चहा पिणारं घर म्हणून आपण पडद्यावर जवळजवळ नसतोच. पण हा सिनेमा त्या ढिगात आणखी एकाची भर घालत नाही, उलट त्या तक्रारीला उत्तर देतो, असं माझं मत आहे. शिवाय त्यात एक जागा अशी आहे, की तिच्याबद्दल आपण जमात म्हणून बोलायला हवं.

आधी गोष्ट थोडक्यात सांगते. हसन आणि त्याची बायको फातिमा हुसैनी, दोघंही सिनेमावाले. काबूलमध्ये ते एक कॅफे चालवायचे, जिथे बायकाही येऊन बसू शकत. हसनने हिंसा सोडून दिलेल्या एका तालिबान कमांडरवर माहितीपट केला. तो टीव्हीवर दाखवला गेला, पुढे त्या कमांडरचा खून झाला, आणि २०१५ मध्ये तालिबानने हसनच्याही डोक्यावर इनाम लावलं. नवराबायको नर्गिस आणि झाहरा या दोन लहान मुलींना घेऊन ताजिकिस्तानला गेले. तिथे चौदा महिने आश्रयासाठी अर्ज करत राहिले, पण काही हाती लागलं नाही आणि परत अफगाणिस्तानात यावं लागलं. मग उरला चोरवाटेचा प्रवास. इराण, तुर्कस्तान, बल्गेरिया, सर्बिया, हंगेरी असा तो साडेपाच हजार किलोमीटरांच्या आसपास जातो. दलालांनी पैसे घेऊन फसवलं, मुलींना पळवून नेण्याची धमकी दिली. बल्गेरियात स्थलांतरितांचा द्वेष करणाऱ्या टोळक्याने रस्त्यात गाठलं. सर्बियातल्या छावणीत तर नुसती वाट बघण्यात महिनेच्या महिने गेले.

हे सगळं त्यांनी तीन मोबाइलवर टिपलं. कधी हसन चित्रण करायचा, कधी फातिमा, कधी थोरली नर्गिस. चित्रण अमेरिकेत एमिली माहदवियान या संपादिकेपर्यंत पोहोचत राहिलं आणि तिने त्यातून सिनेमा उभा केला. सनडान्स महोत्सवात त्याला ज्युरींचा विशेष पुरस्कारही मिळाला. पुरस्काराचं मी फारसं मनावर घेत नाही, पण तिथपर्यंत पोहोचला म्हणून तो माझ्यापर्यंत आला, हे खरं.

नावातला 'ट्रॅव्हलर' म्हणजे आपला मुसाफिर. मराठीत हा शब्द जरा गाण्यातला, शायरीतला वाटतो. आपल्या घरात मात्र त्याला शरियतचं वजन आहे. ज्याच्या नमाजच्या चार रकातींच्या दोन होतात, ज्याला रोजा नंतर पूर्ण करायची मुभा आहे, जकातच्या आठ हकदारांमध्ये ज्याची गणती आहे, तो मुसाफिर. लहानपणी मकतबमध्ये शिकवलेली एक हदीसही आठवते. तीन दुआ परत फिरत नाहीत: मजलूमची, मुसाफिरची आणि औलादीसाठी बापाने केलेली. हसन फाजिली एकाच वेळी हे तिन्ही आहे. सिनेमा हे कुठे बोलून दाखवत नाही, पण आपल्यासारख्या प्रेक्षकाला ते दिसल्याशिवाय राहत नाही.

उर्दू शिकवणारीला दरी भाषा ऐकताना आणखी एक गंमत असते. निम्मे शब्द ओळखीचे लागतात. दरीत 'खाना' म्हणजे घर. आपण मराठीतही दवाखाना, कारखाना, तोफखाना म्हणतो, त्यातला खाना तोच. सबंध सिनेमाभर या चौघांना तेवढंच मिळत नाही. आणि तरी, पडद्यावर जे दिसतं ते घरच आहे.

माझं पहिलं म्हणणं इथे आहे. बातमीतला निर्वासित नेहमी चालत असतो किंवा रडत असतो. या सिनेमात तो कंटाळतो. नर्गिसला छावणीत कंटाळा येतो, ती तसं सांगते आणि सांगताना तिला रडू फुटतं. ज्यांनी वर्गात बारा वर्षांच्या मुली शिकवल्या आहेत त्यांना ते रडू लगेच ओळखू येईल. ते भुकेचं नाही, भीतीचंही नाही. दिवसाला काही आकारच नसल्याचं ते रडू आहे. तीच नर्गिस मायकेल जॅक्सनच्या गाण्यावर अशी नाचते, की आपण छावणीत आहोत हे तीही विसरते आणि आपणही. फातिमा सायकल शिकते, डगमगते, हसते. हसनने परक्या बाईच्या दिसण्याचं कौतुक केलं म्हणून ती त्याच्यावर चिडते, आणि तो चेष्टेवर नेऊ बघतो तशी आणखी चिडते. हे भांडण मी तीन वेळा पाहिलं. जिवावर इनाम असलेला नवरा, परका मुलूख, उद्याचा पत्ता नाही, आणि बाई भांडते आहे ती या कारणावरून! यात तिचं हसं होत नाही, उलट ती पूर्ण माणूस म्हणून समोर येते. हालात सापडलेल्या माणसाला मत्सर करायचा, रुसायचा, गाण्यावर नाचायचा हक्क उरत नाही असं आपण न बोलता धरून चालतो. मदत घेणाऱ्या बाईने लिपस्टिक लावलेली दिसली की आपल्या कपाळाला आठी पडते ती याच समजातून.

आता ती जागा. सर्बियात असताना एकदा धाकटी झाहरा सापडेनाशी होते. सगळे शोधत सुटतात. हे शोधणं सिनेमात चित्रित झालेलं नाही. आपल्याला नंतर फक्त हसनचा आवाज ऐकू येतो, आणि तो जे सांगतो ते कुठल्याही बापाला सांगायला जड जावं असं आहे. मुलीला शोधता शोधता त्याच्या मनात आलं, की ती सापडली, अगदी वाईट अवस्थेत जरी सापडली, तरी तो क्षण सिनेमातला केवढा मोठा प्रसंग होईल. मोबाइल हाताशी होता. आणि त्याच क्षणी त्याला स्वतःची किळस आली, सिनेमाचीही आली. त्याने चित्रण केलं नाही. झाहरा पुढे सुखरूप सापडली.

काही जणांना हे नाटकी वाटलं. चित्रण केलं नाही म्हणतोस आणि तीच गोष्ट सिनेमात घालतोस, मग फरक काय राहिला, असा त्यांचा मुद्दा. मला फरक मोठा वाटतो. त्याने मुलीची ती अवस्था दाखवली नाही, आपलं मन दाखवलं. उघडं पाडायचंच असेल तर त्याने स्वतःला पाडलं. आणि त्याच्या मनात जे आलं ते मनात येणारा तो काही एकटा नाही. आज ज्याच्या ज्याच्या खिशात मोबाइल आहे त्या प्रत्येकाच्या मनात ते येतं. अपघात झाला, आग लागली, जनाजा निघाला, की हात आधी खिशात जातो. फरक इतकाच, की हसनने ते ओळखलं आणि त्याला नाव दिलं.

याच्या उलट बाजूचं एक दृश्य आपल्या मुंबईचं आहे. आनंद पटवर्धन यांचा 'बॉम्बे: हमारा शहर' हा १९८५चा माहितीपट झोपडपट्ट्या उठवण्याबद्दलचा आहे. त्यात एक गरीब बाई दिग्दर्शकालाच फैलावर घेते. तुम्ही आमचे फोटो काढणार, नाव कमावणार, आमचं काय होणार, असा तिचा रोख आहे. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही, सिनेमात ठेवला. त्यांची बाजू उघडच त्या लोकांची होती, आणि तरीही तिचा सवाल जागेवर राहतो. चाळीस वर्षं झाली, मला तरी त्याचं पुरतं उत्तर कुठे मिळालेलं नाही. फाजिलीच्या सिनेमात निदान एवढं झालं, की सवाल विचारणारी बाई आणि कॅमेरा धरणारी बाई एकच होती. फातिमाच्या हातातही मोबाइल होता.

पण आपलं माणूस म्हणून सगळं माफ होतं, असंही मी म्हणत नाही. नर्गिसला काही कळत होतं, ती स्वतः चित्रण करत होती, बोलत होती, हिजाबबद्दल स्वतःचं मत सांगत होती. झाहरा फारच लहान होती. तिचं झोपणं, रडणं, थंडीत कुडकुडणं जगभरच्या पडद्यांवर गेलं, आणि तिला कुणी विचारलं असेल तरी त्या वयात तिच्या 'हो'ला काय अर्थ? सीरियाच्या वाद अल-कातेब यांनी वेढ्यातल्या अलेप्पोमध्ये आपल्या तान्ह्या मुलीला उद्देशून 'फॉर समा' केला, तोही २०१९चाच. समाला तर तेव्हा बोलताही येत नव्हतं. आईबाप मुलांच्या वतीने बरंच काही ठरवतात: शाळा, भाषा, देश सोडायचा की नाही. चित्रणही त्यात येतं असं मी समजते. मात्र हा हक्क मुलांकडून उधार घेतलेला आहे. जो बाप झाहरा हरवली तेव्हा मोबाइल खिशात ठेवू शकला, त्याला तो उधार दिला तर चालेल, असं मला वाटतं. दुसऱ्या कुणाला देताना मी दहा वेळा विचार करीन.

इथे आपल्यातले काही जण म्हणतील, मग सगळ्यात बरं म्हणजे घरातली गोष्ट घरातच ठेवावी. हे वाक्य ऐकत आपण सगळे मोठे झालो. 'घर की बात घर में.' अब्बूंची नोकरी गेली, सांगू नको. आपाचा संसार मोडला, विचारलं तर तब्येतीला आली आहे म्हण. फुफांना औषधं चालू आहेत, कसली ते बोलू नको. या झाकण्यामागे इज्जतीची चाड आहे, ती मी हसण्यावारी नेत नाही. पण त्याचा एक परिणाम असा झाला, की आपल्या घरांबद्दल आपण काहीच बोललो नाही, आणि मग दुसरे बोलले. आपल्या बायका, आपला तलाक, आपली मुलं, आपली गरिबी, यांवर तासन्‌तास बोलणाऱ्यांपैकी किती जणांनी आपल्या घरात बसून चहा प्यायला असेल? आपण दार लावून घेतलं, म्हणून त्यांनी खिडकीतून दिसलं तेवढं दाखवलं.

आपलेपणाने दाखवता येतं याचा नमुना फार लांब शोधायला नको. फैजा अहमद खान यांचा 'सुपरमेन ऑफ मालेगाव' बघा. मालेगावातले लोक आपल्या हौसेसाठी, जुगाड करून सुपरमॅनचा सिनेमा काढतात, त्याची ही कथा. सुपरमॅन झालेला शफीक शेख यंत्रमागावर काम करणारा. अंगाने काडी, तोंडभर हसू. हा माहितीपट येईपर्यंत मालेगाव म्हटलं की बाहेरच्या माणसाला फक्त बॉम्बस्फोट आठवायचे. त्यात कष्ट आहेत, मागांची खडखड आहे, दिग्दर्शक नासिर शेख यांची ओढाताण आहे, पण कुठेही 'बिचारे' नाहीत. शफीक २०११ साली तोंडाच्या कर्करोगाने गेला. ती बातमी ऐकून हळहळलेले कितीतरी लोक असे होते, की मालेगावात त्यांचं कुणीच नव्हतं. मला वाटतं ते हळहळले कारण त्यांनी त्याला आधी हसताना पाहिलं होतं.

आता हे सगळं मी कशासाठी लिहिते आहे ते सांगते. आपल्याकडे सध्या सगळ्यात जास्त 'माहितीपट' निघतात ते रमजानमध्ये. अर्ध्या मिनिटाचे. रेशन किट वाटपाचे. त्यांची मांडणी ठरलेली असते. मागे बॅनर, त्यावर देणाऱ्यांची नावं आणि फोटो. पुढे पाच-सहा पुरुष. मध्ये एक बाई, हातात आटा, तेल, खजूर भरलेली पिशवी, नजर जमिनीवर. पिशवीला देणाऱ्यांचेही हात लागलेले असतात, कारण फोटो निघेपर्यंत ती सोडायची नसते. संध्याकाळपर्यंत ते चित्र मोहल्ल्याच्या प्रत्येक मोबाइलवर पोहोचतं. सदका गुपचूप देणं अधिक चांगलं हे कुराणात आलं आहे, उजव्या हाताने दिलेलं डाव्याला कळू नये ही हदीस तर आपण मुलांकडून पाठ करून घेतो. ती पाठ करून घेणारेच पुढे फोटोत उभे असतात.

शाळांमध्येही हेच चालतं. काही वर्षांपूर्वी एका संस्थेने वह्या-दप्तरं वाटली. माझ्या वर्गातली आठवीतली एक मुलगी फोटोत होती. फोटोखाली लिहिलं होतं, 'यतीम बच्ची को तालीमी इमदाद'. नंतर चार दिवस ती शाळेत आली नाही. आली तेव्हा मला म्हणाली, 'टीचर, आधी सगळे मला खो-खोसाठी ओळखायचे.' पुढे तिला काही बोलायचं नव्हतं आणि मलाही सुचलं नाही. मदत खरी होती, दप्तर चांगलं होतं, देणाऱ्यांची नियतही वाईट नव्हती. पण नर्गिसचं छावणीतलं रडू दाखवणाऱ्या बापाने तिचा नाचही दाखवला होता. या मुलीचा खो-खो कुणी दाखवला नाही. तिच्या आयुष्यातली एकच गोष्ट उचलली, आणि तीही तिच्या वडिलांचा मृत्यू.

यावरचं नेहमीचं उत्तर मला माहीत आहे, कारण मी ते दरवर्षी ऐकते. फोटो दाखवला नाही तर पुढच्या वर्षी लोक पैसे कसे देतील? पैसा कुठे गेला हे कळायला नको का? हे उत्तर खोटं नाही. लोकांचा पैसा आहे, हिशेब हवाच, आणि आपल्याकडे हिशेब न दिल्याने चांगल्या कामांचंही वाटोळं झालं आहे. पण हिशेब पावत्यांनी होतो, चेहऱ्यांनी नाही. बाईचा चेहरा दाखवून एवढंच सिद्ध होतं की ती बाई गरीब आहे. पैसे नीट खर्च झाले की नाही ते त्यातून अजिबात कळत नाही. किती किलो आटा घेतला, कुठल्या भावाने घेतला, किती घरांत गेला, किती शिल्लक राहिली, एवढं चार ओळींत लिहून मशिदीच्या फळ्यावर लावलं तर माझ्यासारखी देणारी शंभर फोटोंपेक्षा त्यावर जास्त विश्वास ठेवील.

आणि ज्यांना आपली गोष्ट सांगायची आहे त्यांना ती सांगू द्यावी. मोबाइल आता त्यांच्याही हातात आहे. एखाद्या विधवा बाईला आपला दिवस दाखवायचा असेल तर ती काय दाखवेल, याची मला खरोखर उत्सुकता आहे. शिवणयंत्र दाखवेल, की मुलाचा दहावीचा निकाल, की शेजारणीशी झालेलं पाण्यावरचं भांडण? आटा-तेलाची पिशवी त्यात असेलच असं नाही. किंवा ती काहीच दाखवणार नाही, तोही तिचा अधिकार.

यंदा आमच्या मोहल्ल्यातल्या वाटपाच्या बैठकीत मी एवढंच सुचवलं: फोटो पिशव्यांचा घ्या, पावत्यांचा घ्या, यादी एका वहीत ठेवा आणि ती वही फक्त दोघांनी बघावी. तरुण मुलं लगेच तयार झाली. एक बुजुर्ग बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, 'बेटा, पिशव्यांच्या फोटोला लाइक कोण करणार?' त्यांनी हा विनोद केला नव्हता, त्यांना खरंच काळजी होती. शेवटी बॅनर छापलं गेलं, पण फोटो पिशव्यांचेच निघाले. देणग्या कमी झाल्या की नाही ते ईदनंतर हिशेब लागला की समजेल. तो फळ्यावर लावणार आहोत.